‘धंद्यातला वाद आहे, कोर्टात जा’

दुपारी एका ओळखीच्या वहिनींचा फोन आला. बोलता बोलता रडायलाच लागल्या. त्यांच्या मिस्टरांना एका सोसायटीला पाण्याचे टँकर पुरवायचं काम मिळालंय आणि आधीचा टँकरवाला यांची गाडी गेटात शिरू देत नाही. आज तर काचेवर दगड घातला. चौकीत गेल्या, तर उत्तर मिळालं, "तुमचा धंद्यातला वाद आहे, कोर्टातून पोलीस प्रोटेक्शनची ऑर्डर आणा."

हे वाक्य ऐकलं की माझ्या डोक्यात तिडीक जाते. माझ्या मामेभावाला, दादाला, अगदी हेच ऐकवलं होतं.

दादाचं केटरिंग आहे. एका कारखान्याच्या कँटीनचं काम त्याला रीतसर टेंडर भरून मिळालं. पहिल्याच दिवशी जुन्या कंत्राटदाराची पोरं टेम्पोला आडवी आली. ताडपत्री फाडली, वरणाचं पातेलं रस्त्यावर पालथं केलं, ड्रायव्हरची कॉलर धरली. भात उन्हात टेम्पोतच आंबला. वर म्हणतात, आम्ही माथाडी आहोत, आमचे पैसे द्या! ज्या पुण्यात हमाल पंचायत उभी राहिली, तिथे १९६९ च्या माथाडी कायद्याचं नाव घेऊन गुंडगिरी करायची? पाठीवर पोती वाहणाऱ्यांचा अपमान आहे हा.

ठाण्यात काय झालं? एनसी, म्हणजे नुसती अदखलपात्र गुन्ह्याची नोंद, लिहून घेतली आणि शांतता राखा म्हणून नोटीस दोघांनाही. पातेलं पालथं करणारा आणि ज्याचं पालथं केलं तो, दोघं एकाच मापात!

कंत्राट कुणाचं हा वाद दिवाणी, हे मलाही कळतं. पण गाडी अडवणं, पैसे उकळणं हा सरळ गुन्हा आहे. दखलपात्र, म्हणजे पोलिसांना थेट तपास करता येतो अशा, गुन्ह्याची खबर आली की एफआयआर नोंदवायलाच हवा, हे सुप्रीम कोर्टाने ललिता कुमारी प्रकरणात २०१३ सालीच सांगितलंय. व्यापारी व्यवहारातल्या तक्रारींत आधी प्राथमिक चौकशी करता येते, हेही त्याच निकालात आहे, असं आमच्या वकिलांनी ऐकवलं. असेल. रस्त्यावर सांडलेल्या वरणाची कसली प्राथमिक चौकशी करणार?

शेवटी दादा हायकोर्टात गेला. कोल्हापूरला १८ ऑगस्ट २०२५ पासून हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालं, पण पुणे जिल्हा त्यात नाही, आपल्याला मुंबईच. वकिलाची फी, तारखा, इकडे धंदा बंद. आदेश आला तो एवढाच: पोलिसांनी कायद्याप्रमाणे अर्ज बघावा, गरज असेल तर शुल्क घेऊन बंदोबस्त द्यावा. दोन हवालदार गेटवर उभे राहिले आणि टेम्पो आत गेला. तीच पोरं समोरच्या टपरीवर चहा पीत बसली होती, एकाने हूं की चूं केलं नाही. मग हे पहिल्याच दिवशी का नाही झालं? ज्याच्याकडे वकिलाला द्यायला पैसे नाहीत त्याने काय करायचं, धंदा सोडायचा?

हो, वादातल्या प्लॉटवर ताबा मारायलाही लोक प्रोटेक्शन मागतात, म्हणून कोर्ट हात आखडता घेतं. मान्य आहे.

आणि त्या हवालदारांवर माझा राग नाहीच. त्यातले एक रात्रपाळी करून थेट आले होते. दादाने जेवायला वाढलं तर आधी नको नको म्हणाले, मग भिंतीला टेकून भराभर जेवले. पालखी आली, गणपती आले की हीच माणसं रात्रंदिवस रस्त्यावर असतात. राग आहे तो ‘कोर्टात जा’ सांगून फाईल मिटणाऱ्या साहेबांवर.

वहिनींना सांगितलंय, गाडी अडवली की लगेच ११२ ला फोन करा, व्हिडिओ काढा. अर्ज लेखीच द्या आणि शिक्क्याची पोहोच घेतल्याशिवाय हलू नका. एफआयआर घेतला नाही तर तोच अर्ज पोस्टाने डीसीपींना, म्हणजे पोलीस उपायुक्तांना, पाठवा, तरी हलले नाहीत तर मॅजिस्ट्रेटकडे. शिवाजीनगर कोर्टात कमी फीमध्ये हे काम करणारं कुणी ओळखीचं असेल तर मला आजच मेसेज करा. उद्या सकाळी त्यांचा टँकर पुन्हा जाणार आहे आणि मी सोबत जातेय. त्या सोसायटीच्या बाजूला राहणाऱ्यांपैकी अजून कुणाला येता आलं तर या.