'टीव्हीवर दिवस काढले' म्हणजे काय हो?

'जुना प्रेक्षक' यांस,

ब्रिटिश नट पीटर कुशिंगवरच्या माझ्या लेखावरची तुमची प्रतिक्रिया वाचली. एक चूक आधीच कबूल करतो. त्याचा 'ड्रॅक्युला' हा सिनेमा १९५८चा, मी लिहिलेलं १९५७ हे 'द कर्स ऑफ फ्रँकेन्स्टाइन'चं साल. दुरुस्त केलंय. पण "इकडून-तिकडून उचलून लेख पाडणारे" हे कशासाठी? चूक सालाची होती, माझ्या खानदानाची नव्हे.

आता तुमचं ते वाक्य. "हॉलिवूडमध्ये डाळ शिजली नाही म्हणून परत येऊन टीव्हीवर दिवस काढणारा नट." दिवस काढणारा! १९३९ला तो तिकडे गेला, लॉरेल-हार्डीच्या सिनेमात बारीकसं काम केलं आणि परतला, हे मीच तर लिहिलंय. पुढचं वाचलंत का? १२ डिसेंबर १९५४, रविवार, बीबीसीवर ऑर्वेलच्या '१९८४' कादंबरीवरचं टीव्ही-नाटक. त्यातला नायक विन्स्टन स्मिथ झाला होता कुशिंग. जवळजवळ दोन तास, स्टुडिओतून थेट. आधी चित्रित केलेले थोडे तुकडे सोडले तर रीटेकची सोयच नाही. लोक हादरले, पार्लमेंटात निषेधाचे ठराव आले. आणि गुरुवारी, १६ तारखेला, हीच मंडळी उभी राहून सगळं पहिल्यापासून पुन्हा थेट करतात! आज आपण बघतो ती प्रत त्या गुरुवारची. याला तुम्ही दिवस काढणं म्हणता?

मी अकरा वर्षं हौशी नाटकांत प्रॉपर्टी, म्हणजे रंगमंचावरच्या वस्तू, प्रॉप्स, सांभाळली आहे. एकदा तिसऱ्या अंकात फोन ठेवायचाच राहिला, तर आमचा नायक रिकामी मूठ कानाला लावून "हॅलो, हॅलो" करत बसला. विंगेत मला तोंड लपवायला जागा नव्हती. तेव्हा नटाचा हात वस्तूवर कसा पडतो हे मला कळतं, आणि माफ करा, तुमच्यापेक्षा जरा जास्तच कळतं. कुशिंगला 'प्रॉप्स पीटर' म्हणायचे ते उगाच नाही. 'ड्रॅक्युला'च्या शेवटी त्या रक्तपिपासूला रोखायला त्यानं खिशातून आणखी एक क्रूस काढायचा, असं ठरलं होतं. त्याला वाटलं, अशानं मी क्रूस विकणारा फेरीवाला दिसेन. मग त्यानंच सुचवलं, आणि टेबलावरचे मेणबत्त्यांचे दोन स्टँड उचलून एकमेकांवर आडवे धरले. झाला क्रूस! ही अक्कल थेट प्रक्षेपणाच्या घामातूनच येते, असं माझं मत आहे. तुमचं नसेल, तर नसो.

'बी-ग्रेड भयपट', ड्रॅक्युला झालेल्या ख्रिस्तोफर लीशी तुलना वगैरेंना उत्तर देत बसत नाही. 'स्टार वॉर्स'मधली सपातांची गोष्ट मात्र "बनावट" नाही. दिलेले बूट पायाला घट्ट होत होते, म्हणून पाय दिसणार नसतील तेव्हा तो सपाता घालून उभा राहायचा. हे त्यानं स्वतःच सांगितलंय.

आणि पुढच्या वेळी "अहो लेखक महाशय" अशी सुरुवात नको. माझं नाव लेखावर ठळक छापलेलं असतं. तुमचंच काय ते अजून कळलेलं नाही.