हरलेल्यांनी मॅप निवडावा, जिंकलेल्यांनी बाजू

व्हॅलोरंट या पाच विरुद्ध पाच नेमबाजीच्या ऑनलाइन गेममध्ये मित्रांनी आपापसात जमवलेल्या मॅचला कस्टम मॅच म्हणतात. तिथे मॅप, म्हणजे खेळायचं मैदान, कोणी बदलायचा, यावर आज जरा सविस्तर लिहिते. लॉबी, म्हणजे मॅचआधी सगळे जमतात ती खोली, ज्याने उघडली त्याच्या एकट्याच्या मर्जीवर ही गोष्ट राहू नये, असं माझं ठाम मत आहे. मॅच संपली की हरलेल्या टीमने पुढचा मॅप सांगावा. जिंकलेल्या टीमने त्या मॅपवर आधी अटॅक घ्यायचा की डिफेन्स, ते सांगावं. आणि एकदा खेळलेला मॅप त्या रात्री परत घ्यायचा नाही. बस, एवढंच.

व्हॅलोरंटमध्ये कस्टमची लॉबी बनवली की मॅप, मोड, सर्व्हर हे सगळं लीडरच्या हातात असतं. बाकीच्यांना मॅप दिसतो, बदलता येत नाही. गेमच्या दृष्टीने ते बरोबरच आहे, कुणीतरी एकाने बटण दाबायलाच हवं. पण गल्लीत जसं ज्याची बॅट त्याची पहिली बॅटिंग असायची, तसं आपण इथे करून टाकलंय. रात्री दहा-साडेदहाला डिस्कॉर्डवर दहा जण जमतात, त्यात कुणी कोल्हापूरचा, कुणी नाशिकची, कुणी ऑफिसमधून नुकताच घरी आलेला. आणि लीडर न विचारता असेंट हाच मॅप लावतो. दुसरी मॅच असेंट. तिसरीही असेंट. कुणी म्हणालं, "दादा, मॅप बदल ना," तर उत्तर ठरलेलं: "अरे, सगळ्यांना येतो ना हा."

सगळ्यांना येत नाही. लीडरला येतो. असेंटवर सोव्हा या पात्राचा रिकॉन बाण, म्हणजे लपलेले शत्रू दाखवणारा बाण, कुठल्या कोपऱ्यात उभं राहून, कुठे निशाणा धरून सोडला की नेमका साइटवर, म्हणजे अटॅकवाल्यांना बॉम्ब लावायचा असतो त्या जागेवर, पडतो, हे त्याला पाठ आहे. साइटचं दार कधी बंद करायचं आणि मिडमध्ये, म्हणजे मॅपच्या मधल्या भागात, कोण कुठून डोकावतं, हेही त्याला झोपेत सांगता येईल. समोर नुकतीच खेळायला लागलेली मुलगी असते. तिला कळायच्या आत राउंड संपलेला असतो, आणि पुढच्या मॅचला पुन्हा तेच. अशा मुली, अशी मुलं दोन-तीन आठवड्यांत ग्रुपमधून गप्प होतात. हे मी अनेकदा पाहिलंय आणि मला त्याचं फार वाईट वाटतं.

मॅप बदलला की गेमच बदलतो, हे ज्यांनी सगळे मॅप मनापासून खेळलेत त्यांना वेगळं सांगायला नको. बाइंडला मिडच नाही. दोन टेलिपोर्टर आहेत, दोन्ही एकाच दिशेने जाणारे, आणि त्यातून कुणी गेलं की मोठा आवाज होतो. त्यामुळे तिथे निशाण्याइतकंच फसवणं महत्त्वाचं. एकाने टेलिपोर्टरचा नुसता आवाज करायचा आणि बाकी चौघांनी दुसऱ्या साइटवर चढायचं. हेवनला तीन साइट. पाच डिफेंडर तीन ठिकाणी वाटायचे म्हणजे कुठे ना कुठे एकटाच माणूस उरतो, आणि तो एकटा किती शांत राहतो यावर मॅच फिरते. आइसबॉक्सवर शत्रू डोक्यावर असतो, ब्रीझवर इतका लांब असतो की ऑपरेटर ही लांब पल्ल्याची स्नायपर बंदूक घेणाऱ्याची चांदी. फ्रॅक्चरवर अटॅक करणारे दोन्ही बाजूंनी येऊ शकतात, डिफेंडर मधोमध अडकलेले. अ‍ॅबिसच्या कडेला भिंतच नाही, पाय घसरला की खेळ खलास. जो असेंटवर राजा असतो तो स्प्लिटच्या दोरांवर गोंधळतो, आणि जी आठवडाभर गप्प होती ती अचानक बाइंडवर रेझ हे पात्र घेऊन तिघांना पाडते. हा क्षण मला कुठल्याही रँकपेक्षा मोठा वाटतो. तो यायचा तर मॅप बदलावा लागतो.

दुसरं कारण मला याहून महत्त्वाचं वाटतं. २ जून २०२० ला गेम अधिकृतपणे आला तेव्हा बाइंड, हेवन, स्प्लिट आणि असेंट असे चारच मॅप होते. पुढे एकेक वाढत गेले, आणि रँकच्या मॅचसाठी सातांचाच संच ठेवायचा असं धोरण आलं. जून २०२२ मध्ये पर्ल आला आणि स्प्लिट बाहेर गेला. जानेवारी २०२३ मध्ये लोटस आला, स्प्लिट परतला, तेव्हा बाइंड आणि ब्रीझ बाहेर. हे चक्र चालूच असतं. धोरण मला पटतं, रँक खेळणाऱ्याने दहा-बारा मॅप एकाच वेळी पक्के ठेवावेत ही अपेक्षा जास्तच आहे. पण संचाबाहेर गेलेला मॅप कस्टममध्ये मात्र खुला असतो. दहा मित्र जमवून, पाच विरुद्ध पाच, नीट तेरा राउंड जिंकेपर्यंत तो खेळायची हीच तर जागा. तिथेही आपण तोच एक मॅप लावत बसलो, तर बाकीच्या मॅपवर कुणाच्या तरी हातून झालेलं इतकं सुंदर काम कोण बघणार?

लोटसचंच घ्या. हा मॅप पश्चिम घाटात कल्पिलेला आहे. म्हणजे आपल्या सह्याद्रीची जी रांग गोव्यावरून खाली केरळाकडे जाते, त्या डोंगरांत. दगडी जुनं बांधकाम, हिरवळ, फिरणारी जड दारं, फोडता येणारी भिंत आणि तीन साइट. दार फिरायला लागलं की त्याची घरघर दोन्ही टीमना ऐकू येते, आणि त्या काही सेकंदांत काय ठरवायचं यात सगळी मजा आहे. जगभर खेळल्या जाणाऱ्या गेममध्ये आपल्या डोंगरांची जागा आहे आणि आपल्याच मराठी ग्रुपमध्ये "लोटस नको यार, कंटाळा येतो" असं ऐकावं लागतं! एकदा हरलेल्या टीमकडून निवडला गेला की लोक खेळतात, आणि दोन-चार रात्रींत स्वतःहून मागायला लागतात.

काही जण म्हणतील की मग मतदान घ्या, लोकशाही पद्धत. मी याचा विचार केलाय. काउंटर-स्ट्राइक १.६ या जुन्या नेमबाजीच्या गेमच्या काळात सायबर कॅफेत ज्याच्या मशीनवर सर्व्हर चालायचा तो कन्सोल उघडून "चेंजलेव्हल" टाकून पुढे मॅपचं नाव लिहायचा. नावात आधी "डीई" आलं की बॉम्बचा मॅप, "सीएस" आलं की ओलिसांचा. इंटरनेटवरच्या सर्व्हरवर त्याहून चांगली सोय होती. चॅटमध्ये "आरटीव्ही" (रॉक द व्होट) टाइप करायचं, पुरेशा लोकांनी केलं की स्क्रीनवर मॅपची यादी यायची आणि आकडा दाबून मत द्यायचं. छान होतं ते. पण मत पडायचं कशाला? बहुतेक वेळा डस्ट टू या मॅपलाच. डेव्ह जॉन्स्टन यांनी २००१ मध्ये केलेला तो मॅप आहेच अप्रतिम, लाँग, शॉर्ट, मिड, टनेल या त्यातल्या वाटा, सगळं कसं तोलून बसवलेलं. तरी अ‍ॅझ्टेक, ट्रेन, न्यूक या मॅपच्या वाट्याला काय आलं? मतदानात ओळखीचा मॅपच जिंकतो. म्हणून मला मतदान पुरेसं वाटत नाही.

व्यावसायिक स्पर्धांनी हा प्रश्न फार सुंदर सोडवलाय. तीन मॅचच्या मालिकेत सात मॅपपैकी आधी दोन्ही टीम एकेक मॅप काढून टाकतात, मग एकेक निवडतात, मग पुन्हा एकेक काढतात, आणि जो उरतो तो निर्णायक. आणि एका टीमने मॅप निवडला की बाजू दुसरी टीम निवडते. हा शेवटचा भाग मला फार आवडतो. जुन्या न्यूकसारख्या मॅपवर डिफेन्सचं पारडं इतकं जड असायचं की सुरुवात कुठून करायची यालाही वजन होतं. एकाला मैदान, दुसऱ्याला बाजू, दोघांच्याही हातात काहीतरी. मी सांगतेय तो नियम तिथूनच घेतलाय, फक्त रोजच्या खेळासाठी सोपा केलाय. रोज रात्री सात मॅपची काटछाट करत बसायला कुणाला वेळ आहे?

"नवीन मॅप येत नाही" ही अडचण खरी आहे, आणि तिच्यावर उपाय गेममध्येच आहे. कस्टममध्ये चीट्स (गेमनेच सरावासाठी दिलेली सोय) चालू करून लॉबी सुरू करा, घोस्ट मोड घ्या आणि भिंतींमधून उडत सगळा मॅप बघून या. साइट कुठे, मिड कुठे, शत्रू कुठून येईल, एवढं पाहायला पाच-सात मिनिटं पुरतात. ज्याला मॅप येतो त्याने सोबत उडत कॉलआउट, म्हणजे मॅपवरच्या जागांची नावं, सांगावीत. मग चीट्स बंद करून नवी लॉबी. शिकवणाऱ्यालाही यात मजा येते, अनुभवाने सांगते.

मध्यंतरी एका कॉलेजच्या फेस्टमध्ये खेळायला गेलो होतो. पहिल्या फेरीपासून फायनलपर्यंत एकच मॅप, आयोजकांनी आधीच जाहीर केलेला, आणि तो कॉलेजच्या टीमचा सरावाचा. बाहेरगावाहून मुलं पहाटेची एसटी पकडून आली होती. त्यांनी काय म्हणून खेळायचं? स्पर्धा भरवणाऱ्यांना माझी कळकळीची विनंती आहे, वेळ कमी असेल तर निदान चार मॅप ठेवा. दोन्ही कॅप्टनना आलटून पालटून काढू द्या, उरेल तो खेळवा. दोन मिनिटांचं काम आहे.

आणि लीडर मंडळींनो, बटण तुमच्याकडेच राहणार आहे. मॅच संपली की हरलेल्या टीमच्या कॅप्टनला नाव विचारा, ते लावा, आणि जिंकलेल्यांना बाजू विचारा. पहिल्या मॅचला कुणी हरलेलं नसतं, तेव्हा त्या रात्री जो सगळ्यात नवा असेल त्याला मॅप निवडू द्या. या शनिवारी आमच्या लॉबीत असंच होणार आहे. दोन जागा रिकाम्या आहेत, मुंबई सर्व्हर, साडेदहा वाजता. यायचं असेल तर खाली कळवा.