मापं आधी लिहा, मोकळीक मग द्या

निवडणूक जवळ आली की गुंठेवारीतली, म्हणजे जमिनीचे गुंठ्या-गुंठ्यांचे तुकडे पाडून विकलेल्या प्लॉटवरची विनापरवाना घरं नियमित करा, मुदत वाढवा ही मागणी वर येते आणि आमच्या शाळेच्या ग्रुपवर तोच वाद पेटतो. अर्धे म्हणतात पै पै जोडून बांधलेलं घर पाडायचं का, अर्धे म्हणतात मग आम्ही नकाशा पास करायला महानगरपालिकेत खेटे घातले ते कशासाठी. मला दोघांचंही पटतं, पण इंग्लंडमध्ये इतकी वर्षं राहिल्यावर वाटतं की आपण भांडतो ते घर उभं राहिल्यावर, आणि हे सगळं ठरायला हवं पाया खणायच्या आधी.

इथे घरमालकाला बरीच छोटी बांधकामं पूर्ण परवानगीशिवाय करता येतात, त्याला पर्मिटेड डेव्हलपमेंट म्हणतात आणि त्याची मापं सरकारी आदेशातच छापलेली आहेत, सध्याचा आदेश 2015 चा. घराच्या मागे एकमजली खोली काढायची तर शेजाऱ्याशी भिंत जोडलेली असेल तर 3 मीटर, सुटा बंगला असेल तर 4. माळ्यावर खोली करायची तर टेरेस घराला, म्हणजे रांगेतल्या एकमेकांना चिकटलेल्या घराला, 40 घनमीटर, बाकीच्यांना 50. आणि मोजायचं मूळ घरापासून, म्हणजे जुनं घर 1 जुलै 1948 ला जसं होतं तिथून, त्यामुळे आधीच्या मालकाने मागे 2 मीटर वाढवलं असेल तर जोडघरवाल्याच्या वाट्याला उरतो 1च. दारापुढच्या जागेत 5 चौरस मीटरपेक्षा जास्त काँक्रीट घालायचं आणि पाणी आपल्याच मातीत जिरणार नसेल तर 2008 पासून परवानगी लागते. पुण्यात बंगल्यांची आवारं कडेपर्यंत फरशीने बंद केलेली बघतो आणि पहिल्याच पावसात रस्त्याचा ओढा होतो तेव्हा हा नियम फार आठवतो.

मला सगळ्यात आवडलेला भाग शेजाऱ्याचा. 3 च्या जागी 6 मीटर वाढवायचं असेल तर (ही सोय 2013 ला आली, 2019 ला कायम झाली) कौन्सिल, म्हणजे इथली पालिका, शेजाऱ्यांना पत्र पाठवतं, 21 दिवसांत हरकत घ्या म्हणून. आमच्या शेजाऱ्यांचं असं पत्र आलं तेव्हा आम्ही नकाशा नीट बघितला, स्वयंपाकघरात ऊन किती कमी होईल ते बोललो आणि हरकत न घ्यायचं ठरवलं. गावाकडे पत्र्याची पागोळी अंगणात पडायला लागल्यावर शेजाऱ्याला कळतं आणि मग भाऊबंद कोर्टात.

मोकळीक म्हणजे तपासणी नाही असंही नाही हं. पाया, आग, वायरिंग यासाठी बिल्डिंग रेग्युलेशन्स वेगळी, सामायिक भिंतीचा 1996 चा कायदा वेगळा. घर विकताना घेणाऱ्याचा वकील सगळे कागद मागतो.

पण इथलं सगळंच उचलून आणू नका. 2013 मध्ये अशीच सवलत ऑफिसांचे फ्लॅट करायला दिली आणि त्यात माणसं कोंबली गेली. 2020 च्या सरकारनेच करवून घेतलेल्या अभ्यासात अशा सवलतीतल्या घरांपैकी फक्त 22.1 टक्के घरं जागेच्या मानकात बसली, पूर्ण परवानगीवाल्यांत हेच 73.4 टक्के होतं. काही फ्लॅटना तर खिडकीच नव्हती! खोलीत उजेड हवा आणि किमान जागा हवी हे नियमात घालायला 2020-21 उजाडलं, तोवर लोक तिथे लेकराबाळांसह राहत होते. याचा मला अजून राग येतो.

आपल्याकडे गुंठेवारीचा कायदा 2001 चा, त्यात कुठल्या तारखेपर्यंतची बांधकामं नियमित होणार ती 1 जानेवारी 2001 ही तारीख 2021 मध्ये 31 डिसेंबर 2020 वर नेली. तारीख सरकते हे एकदा कळलं की नियम पाळणारा मूर्ख ठरतो, आणि तुकड्यातला प्लॉट विकणारा पैसे घेऊन कधीच निघून गेलेला असतो. त्याच 2021 मध्ये ग्रामीण भागात 3200 चौरस फुटांपर्यंत नगररचनाकाराची परवानगी नको असं जाहीर झालं, ते मला योग्यच वाटलं, कारण दोन खोल्यांसाठी तालुक्याला हेलपाटे घालायला लावणं हा जाच आहे.

आता त्याला जोड द्या. साइड मार्जिन म्हणजे बाजूला सोडायची मोकळी जागा, उंची, पागोळी, सांडपाणी यांची मापं एका पानावर मराठीत छापून ग्रामपंचायतीच्या भिंतीवर लावा, शेजाऱ्याला आधी नोटीस जाऊ द्या, आणि जोत्यापर्यंत काम आलं की कोणीतरी टेप घेऊन एकदा मोजून जाऊ द्या. फ्लॅटना हे चालणार नाही, इथेही ही घरमालकांची सवलत फ्लॅटना नाहीच, एकाने बाल्कनी तोडली की वरच्या-खालच्या सगळ्यांचा प्रश्न असतो. गावठाण, रो हाऊस, स्वतःचा प्लॉट असलेल्यांना मात्र द्या, बिल्डरला नको, आणि एकदा मापं ठरली की कुठल्याही निवडणुकीत ती हलवू नका.