राजा और रंक मधला तो मुलगा सचिन नाही, महेश कोठारे!

व्हॉट्सॲपवर एक पोस्ट फिरतेय की 1968 च्या 'राजा और रंक' मधला बालकलाकार म्हणजे सचिन पिळगावकर, आणि महेश कोठारेंनी डायरेक्शन सुरू केलं ते 'झपाटलेला' पासून. दोन्ही चूक आहे हो.

त्या पिक्चरमध्ये राजपुत्र आणि गरीब पोरगा असा डबल रोल करणारा मुलगा महेश कोठारेच, 'तू कितनी अच्छी है' गाण्यात निरुपा रॉयसोबत दिसतो तो. सचिनचं पदार्पण राजा परांजपेंच्या 'हा माझा मार्ग एकला' मधून. दोघंही लहानपणी पडद्यावर आले, पुढे दोघंही दिग्दर्शक झाले म्हणून गोंधळ होतो, ते समजू शकतो.

आणि 'झपाटलेला' आला 1993 ला. त्याच्या आठ वर्षं आधी, 1985 ला 'धूमधडाका' आलेला, तोच त्यांचा दिग्दर्शक म्हणून पहिला! पाईप ओढताना अशोक मामांना ठसका लागतो आणि ते 'व्याख्या विख्खी वुख्खू' होतं, तो सीन त्यातलाच. मूळ कथा 1964 च्या तमिळ 'कादलिक्क नेरमिल्लै' ची, पण मराठीत लक्ष्या, अशोक सराफ, शरद तळवलकर असे जमवून तिला अस्सल आपलं केलं ते कोठारेंनी, आणि मधे 'दे दणादण', 'थरथराट' पण झाले. एवढं काम असं पुसून टाकू नका, पोस्ट पुढे पाठवली असेल तर हेही पाठवा प्लीज.