पदवीची अट सोडा, परीक्षेची नको : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. गेल्या लेखावर तुम्ही एवढं सविस्तर आणि चिडून लिहिलंत, त्याबद्दल आभार. नुसतं 'छान लेख' वाचून कंटाळा येतो.

सहकारी बँकांत पंधरा-वीस वर्षं काढलेल्या लेखनिकांना अधिकारीपदाच्या बढतीसाठी पदवीची अट शिथिल करावी, असं मी लिहिलं होतं. तुमचे आक्षेप दोन. यामुळे ठेवीदारांचा पैसा अर्धशिक्षितांच्या हाती जाईल, हा पहिला. शिथिलता म्हणजे संचालकांच्या गोतावळ्यासाठी काढलेली पळवाट, हा दुसरा.

दुसरा मला मान्य आहे. खरं तर लेखात मी तो मुद्दा टाळला, आणि टाळायला नको होता, कारण हा प्रकार मी डोळ्यांनी पाहिलाय. बँकेचं नाव घेत नाही. शाखाधिकाऱ्याची एक जागा रिकामी होणार हे कळलं आणि पुढच्याच मासिक सभेत सेवानियम दुरुस्तीचा ठराव आला : 'पदवी किंवा बारा वर्षांचा अनुभव'. बाराच का, तर ज्याला बसवायचं होतं त्याची बारा भरत होती. दोन वर्षांनी तोच आकडा पंधरा झाला, कारण आता मागच्या एकाला अडवायचं होतं. ज्येष्ठता यादी फलकावर लागली तेव्हा सगळे तिच्यापुढे उभे राहून हसत होते. हसण्यापलीकडे करणार काय?

म्हणून माझ्या म्हणण्यात एक दुरुस्ती करतो. नियम बदलायचा तर जागा रिकामी नसताना बदला, आणि बदललेला नियम किमान वर्षभरानंतरच्या बढत्यांना लावा. म्हणजे कोणाचं माप घेऊन सदरा शिवता येणार नाही.

पहिला आक्षेप मात्र पटत नाही. ज्यांना तुम्ही अर्धशिक्षित म्हणता, ती माणसं कोण, हे आधी बघा. जुन्या भरतीत मॅट्रिकवर किंवा बारावीवर लेखनिक घेत. घरची ओढाताण असायची, नोकरी लागली की कॉलेज सुटायचं. आमच्याकडे असा एक जण होता. गावोगावच्या विकास सोसायट्यांची क. म. पत्रकं, म्हणजे कोणत्या शेतकऱ्याला कोणत्या पिकासाठी किती कर्ज द्यायचं त्याचे तक्ते, त्याच्या टेबलावर यायची. उसाला एकरी पीककर्ज ज्वारीपेक्षा कितीतरी जास्त मिळतं, त्यामुळे कागदावर ऊस पिकवायची हौस सगळ्यांनाच. हा गडी पत्रक चाळता चाळता थांबायचा : "साहेब, याची विहीर संक्रांतीला तळ गाठते. चार एकर ऊस कुठनं आला?" सात-बारा, पीकपाहणी, सचिवाची सही सगळं जागेवर असायचं, आणि तरी त्याचंच खरं निघायचं. तो लेखनिक म्हणूनच निवृत्त झाला. त्याच्या वर दर तीन वर्षांनी नवा पदवीधर यायचा आणि पहिले सहा महिने त्यालाच विचारून सह्या करायचा.

आता बँका बुडण्याबद्दल. तुम्ही पीएमसीचं, म्हणजे पंजाब अँड महाराष्ट्र सहकारी बँकेचं उदाहरण दिलंत. सप्टेंबर २०१९ मध्ये तिच्यावर रिझर्व्ह बँकेचे निर्बंध आले तेव्हा सुरुवातीला खात्यातून फक्त हजार रुपये काढता येत होते. ते दिवस कोणी विसरलेलं नाही. पण तिथे झालं काय होतं? एकाच बांधकाम समूहाला दिलेलं प्रचंड कर्ज दडवायला हजारो बनावट खाती दाखवली गेली. आरोप झाले ते व्यवस्थापकीय संचालक, अध्यक्ष अशा वरच्या लोकांवर. काउंटरवरच्या बारावी पास लेखनिकाला बढती दिली म्हणून ती बँक बुडाली नाही.

तुमच्या एका वाक्याला मात्र मी पूर्ण मान देतो : "आज बँक म्हणजे खतावणी नव्हे." नव्हेच. ऑगस्ट २०१८ मध्ये पुण्याच्या कॉसमॉस बँकेवर सायबर हल्ला झाला आणि दोन-तीन दिवसांत सुमारे ९४ कोटी रुपये गेले. संगणक विभाग, मोठ्या कर्जांची छाननी, गुंतवणूक या टेबलांवर अनुभवाच्या नावाखाली सूट नकोच. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याचा तर प्रश्नच येत नाही. शंभर कोटी किंवा त्याहून जास्त ठेवी असलेल्या नागरी बँकांना ती नेमणूक करताना रिझर्व्ह बँकेची पूर्वपरवानगी घ्यावी लागते. मी बोलतोय ते शाखा, वसुली आणि तपासणीबद्दल.

आणि परीक्षेबद्दल. बँकिंगच्या ज्या जेएआयआयबी परीक्षेचं एवढं वजन आहे, ती घेणारी संस्था १९२८ ची. तीसुद्धा बँकेत नोकरी करणाऱ्याला परीक्षेला बसू देताना पदवी मागत नाही, बारावी पुरते. मग आपल्याच सेवानियमांत पदवीचा एवढा अट्टहास कशाला? ती परीक्षा पास झालेल्या बारावीवाल्याला बढती द्या, नापास झालेल्या पदवीधराला थांबवा. कर्मचारी संघटनेला हे आवडणार नाही, तिला नुसती ज्येष्ठता हवी असते. संचालकांनाही नाही आवडणार, कारण मुलाखतीचे गुण त्यांच्या हातात असतात, परीक्षेचे नसतात.

शेवटी तुम्ही विचारलंत, की मी माझी स्वतःची ठेव असल्या बँकेत ठेवीन का. ठेवली आहे. व्याजासकट पाच लाखांच्या आत, कारण ठेवींचा विमा तेवढ्याचाच आहे. आणि ही खबरदारी मी शाखाधिकाऱ्याला भिऊन घेतलेली नाही. संचालक मंडळाच्या निवडणुकीत कोणतं पॅनेल आलंय ते बघून घेतली आहे.