कट्ट्यावर काचा

बोरिवलीतल्या आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर चार दिवस एकच विषय चालू आहे. गेटबाहेरच्या कट्ट्यावर संध्याकाळी जोडपी बसतात, त्यांचं काय करायचं? कोणी म्हणतं वॉचमनला सांगा, कोणी म्हणतं कट्ट्यावर फुटक्या काचा लावा. काचा! 2021 मध्ये चिकूवाडीत एका सोसायटीने रस्त्यावर 'नो किसिंग झोन' रंगवलं, तेव्हा हसलो होतो ना सगळे? 2015 मध्ये मढ-अक्साच्या हॉटेलांमधून पोलिसांनी चाळीसेक जोडपी उचलली, चांगली सज्ञान माणसं, तेव्हा ह्याच ग्रुपवर केवढा संताप!

मी जर्मनीतल्या कोलोनमधून तावातावाने लिहिलं, "इथे ऱ्हाइनच्या काठी कोणी कोणाकडे ढुंकून बघत नाही." तिसऱ्या मजल्यावरच्या काकूंचं लगेच उत्तर: "तुझं बरं आहे गं, तिकडे सगळं सोपं."

सोपं? परवाच्या रविवारी डेटिंग ॲपवरच्या एकाबरोबर त्याच काठाने तासभर चालले. तिसरी भेट. पहिल्या मेसेजपासून 'डू', म्हणजे जर्मन 'तू'. आपल्याकडे 'अहो-जाहो'वरून 'तू'वर यायला महिने जातात, आणि ते 'तू' चुकून निसटतं त्या दिवशी माणूस लोकलच्या दारात उभं राहून एकटाच हसतो. इथे ॲपवर ती पायरीच नाही. हवामान झालं, ऑफिस झालं, त्याचा योगावरचा प्रश्न झाला. कॅफेत वेट्रेसने विचारलं, "त्सुझामेन ओडर गेट्रेंट?" बिल एकत्र की वेगवेगळं? तो माझ्याकडे बघतोय, मी बिलाकडे. शेवटी मीच म्हटलं, गेट्रेंट. त्याने आपल्या केकचे पैसे सेंटपर्यंत मोजून ठेवले. कांदेपोह्यांत निदान दहाव्या मिनिटाला आई चहाचा ट्रे घेऊन येते आणि दोघांची सुटका होते!

तरी काचांना माझा विरोधच आहे. चर्चगेटपासून विरारपर्यंत दोन माणसांना धड बोलायला जागा नाही, म्हणून तर लोक बँडस्टँडच्या खडकांवर छत्री उघडून बसतात. हेही ग्रुपवर लिहिलं. अकरा अंगठे आले.

एक मात्र लिहिलं नाही. त्या कट्ट्यावर मी एकदाही बसलेले नाही. तेविसाव्या वर्षी गेटपाशी सोडायला आलेला एक जण म्हणाला होता, "बसू या का पाच मिनिटं?" मी वर बघितलं. तिसऱ्या मजल्यावर काकूंच्या खिडकीत दिवा होता. "घरी वाट बघतायत," म्हटलं आणि जिना चढले.

परवा कॅफेतून बाहेर पडल्यावर त्यानेही काठावरचं बाक दाखवलं. मी सवयीने वर बघितलं.