पत्र्यावरची वानरं

गावच्या घरी वानरं उतरली की आई काठी घेऊन धावते, आणि तिचं काही चुकत नाही. कौलं फुटतात, शेवग्याचा फुलोरा जातो. पण या मे महिन्यात आई बाजारात गेली होती आणि मी पडवीसमोर चहा गार होईपर्यंत बघत बसले.

दोन पिल्लं. त्यातलं मोठं पत्र्याच्या कडेला पालथं पडलेलं, शेपूट खाली लोंबतंय. धाकटं फणसावरून येऊन शेपूट ओढायचं की पळालंच. मग पाठलाग, कुस्ती, आणि कुस्तीत मोठं मुद्दाम खाली पडायचं! थोड्या वेळाने तेच परत कडेला जाऊन शेपूट सोडून पडायचं. ये, ओढ.

हे भावाला सांगितलं तर म्हणाला, "पुढच्या मारामारीची प्रॅक्टिस असते ती." सगळे हेच म्हणतात. पोहणं म्हणजे स्टॅमिना, बुद्धिबळ म्हणजे गणित. आपल्याला पोरांचं नुसतं खेळणं बघवत नाही, मग वानरांचं कुठून बघवणार?

आफ्रिकेतल्या कलहारीच्या वाळवंटात संशोधक लिंडा शार्प यांनी मीरकॅट या मुंगसासारख्या छोट्या प्राण्याच्या पिल्लांवर नेमकं हेच तपासलं. 2005 साली निष्कर्ष आले: लहानपणी जास्त कुस्त्या खेळलेली पिल्लं मोठेपणी मारामाऱ्या जास्त जिंकतात, असं काही दिसलं नाही. न्यूझीलंडचे किया पोपट तर खेळताना एक खास आवाज काढतात. संशोधकांनी तो रेकॉर्ड करून रानात वाजवला, तर मोठे झालेले पक्षीही खेळायला लागले. त्यांना आता कसली प्रॅक्टिस?

म्हणजे खेळ फुकटचा असतो असंही नाही. पेरूच्या किनाऱ्यावर संशोधक रॉबर्ट हारकोर्ट फर सील या समुद्री प्राण्याची पिल्लं बघत होते. सी लायन या सीलच्याच जातकुळीतल्या मोठ्या प्राण्यांनी मारलेल्या 26 पिल्लांपैकी 22 त्या वेळी उथळ पाण्यात खेळत होती. हा आकडा वाचून मी थोडा वेळ गप्पच झाले. एवढी किंमत मोजून टिकलेल्या गोष्टीला काहीतरी कारण असणार, हे मान्य. पण त्या पिल्लाला ते कारण ठाऊक नसतं. ते पाण्यात उतरतं कारण मजा येते, आणि हे लिहायला शास्त्रज्ञ इतके का बिचकतात कळत नाही.

तेवढ्यात आई आली. काठी आपटली, कळप पळाला. धाकटं मात्र फणसावरून परत वळलं, पत्र्यावर धाडकन एक उडी मारली आणि मगच गेलं. आवाज भारी येतो त्या पत्र्याचा.